‘आरव’ला शांत कुणी केले?

मुलाचे नाव आरव ठेवले की पाहुण्यांचा पुढचा प्रश्न ठरलेला असतो, ‘अर्थ काय हो?’ आणि उत्तरही ठरलेले, ‘शांत’. बाळांच्या नावांची पुस्तके, मोबाइलवरच्या याद्या, बारशाचे फ्लेक्स, सगळीकडे हाच अर्थ फिरतो आहे आणि तो साफ उलटा आहे. संस्कृतात ‘रु’ या धातूचा अर्थ आवाज करणे, ओरडणे. त्यापासून ‘रव’ झाला. पक्ष्यांचा कलरव आपण शाळेच्या निबंधांपासून लिहीत आलो आहोत. त्याच ‘रवा’ला ‘आ’ हा उपसर्ग लागला की ‘आरव’ होतो. अमरकोशात आवाजाचे जे पर्यायी शब्द दिले आहेत त्यांत निनाद, ध्वनी आणि रव यांच्या पंगतीला आरवही बसलेला आहे. वामन शिवराम आपटे यांच्या १८९० च्या संस्कृत कोशातही हा शब्द आवाजाचा आणि ओरडण्याचाच आहे. खरे तर मराठी माणसाला कोश उघडायचेही कारण नाही. पहाटे कोंबडा आरवतो हे माण-खटावच्या वस्तीवरच्या पोरालाही ठाऊक असते. रामायणाने रावणाच्या नावाची जी फोड सांगितली आहे तीही याच धातूवरून, त्याच्या आक्रोशाने सगळे लोक ओरडू लागले म्हणून तो रावण. म्हणजे ज्याला आपण शांत म्हणून पाळण्यात घालतो, त्या आरवाचे शब्दकुळातले भाऊबंद कोंबड्याची बांग आणि दशाननाची आरोळी हे आहेत.

मग ‘शांत’ आला कुठून? सर्वांत सरळ दिसणारी वाट रोमन लिपीतून जाते. मराठीत ‘अ’ आणि ‘आ’ ही दोन वेगळी अक्षरे आहेत. संस्कृतात शब्दाच्या आधी लागणारा ‘अ’ बहुधा नकार सांगतो, जसे अभय, अमर, अचल. त्याच नियमाने ‘अरव’ असा शब्द केला तर त्याचा अर्थ रव नसलेला, म्हणजे निःशब्द, शांत असा होईल. नाव इंग्रजीत एकाच ‘ए’ने लिहिले की ते अरव आहे की आरव हे कळायला मार्ग उरत नाही. रोमन लिपीतल्या यादीतून नाव उचलायचे, अर्थ एका शब्दाचा घ्यायचा आणि उच्चार दुसऱ्याचा, असा हा गोंधळ झाला असावा. यात एक गंमतही आहे. हल्ली पुष्कळ आई-वडील सुरुवातीला दोन ‘ए’ घालून हे नाव लिहितात, कारण त्यांना ‘आ’ लांब हवा असतो. पण नेमक्या त्या दुसऱ्या ‘ए’मुळे ‘अरव’ वाचायची शक्यता संपते. कराडच्या किंवा विट्याच्या एखाद्या घरात ‘शांत’ या अर्थावर भुलून दोन ‘ए’चे नाव पक्के होते, तेव्हा तो अर्थ ज्याने कायमचा बाद होतो तेच स्पेलिंग निवडलेले असते.

हे नाव एवढे पसरले का, याचे कारण मात्र त्याच्या अर्थामध्ये नाही. २००२ मध्ये अक्षयकुमार आणि ट्विंकल खन्ना यांनी मुलाचे नाव आरव ठेवले आणि ते वर्तमानपत्रांतून घरोघर पोहोचले. पण निव्वळ सिनेमाने नाव टिकत नाही. त्यात सोयही लागते. आरव छोटे आहे, त्यात जोडाक्षर नाही, ळ नाही, ण नाही. ज्ञानेश्वरला इंग्रजीत ‘डी-एन-वाय’ने लिहावे की ‘जी-वाय’ने, असा जो प्रश्न पुण्या-बंगळुरूच्या कचेरीत पडतो तो आरवला पडत नाही. नावावरून जात ओळखू येत नाही, प्रांत ओळखू येत नाही आणि आडनाव कुठलेही लावा, खटकत नाही. शिवाय हजेरीत पहिला नंबर. साताऱ्या-सांगलीतली मुले नोकरीसाठी जिल्ह्याबाहेर जाणार हे आई-वडिलांनी आधीच धरलेले असते, त्यामुळे कुठेही चालेल असे नाव त्यांना हवे असते. ही निवड उथळ नाही, तिच्यामागे हिशेब आहे. हिशेबात चूक होते ती अर्थाच्या रकान्यात.

तो रकाना कसा भरला जातो हे पाहण्यासारखे आहे. आपल्याकडे पत्रिका करताना जन्मनक्षत्रावरून नावाचे पहिले अक्षर, म्हणजे नावरस, काढून देतात. २७ नक्षत्रे, प्रत्येकाचे ४ चरण, मिळून १०८ अक्षरे. कृत्तिकेच्या पहिल्या चरणाला ‘अ’ येतो, ते ठीक. पण हस्ताच्या वाट्याला ‘ष, ण, ठ’ येतात, आर्द्रेला ‘घ, ङ, छ’ आणि उत्तराभाद्रपदेला ‘थ, झ, ञ’. यांवरून नाव शोधणारा माणूस यादीकडे वळणारच. यादी करणाऱ्याला प्रत्येक अक्षराखाली नवी, गोंडस, दोन-तीन अक्षरी नावे हवी असतात आणि नावापुढे अर्थाची जागा रिकामी ठेवून चालत नाही. तो अर्थ शुभही असावा लागतो. ‘ओरडा’ असे लिहिले तर नाव कोण घेईल? म्हणून तेजस्वी, शांत, ईश्वराची कृपा, सूर्याचा पहिला किरण असे साताठ ठेवणीतले अर्थ आलटून पालटून लावले जातात. कियान हे नाव इराणी राजघराण्याच्या परंपरेतले, पण यादीत त्याचा अर्थ ‘देवाची कृपा’. मायरा हे नाव फल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीने आपल्या कवितांतल्या प्रेयसीसाठी रचले, ते यादीत कधी ‘प्रिय’ होते, कधी ‘कौतुकास्पद’. शिवांश आणि देवांश यांचा अर्थ लागतो, कारण शिव आहे, देव आहे आणि अंश आहे. पण त्याच साच्यातून निघालेल्या रियांश-कियांशमध्ये अंश नेमका कुणाचा, हे विचारले की घरातले एकमेकांकडे बघतात.

सातारा-सांगलीच्या मुलखातली जुनी नावे घेतली तर असा प्रश्न पडत नव्हता. म्हसवडच्या आणि खरसुंडीच्या सिद्धनाथावरून सिदू, आरेवाडीच्या बिरोबावरून बिरू, पालीच्या खंडोबावरून खंडू, जोतिबावरून जोती. फुल्यांचे घराणे मूळचे खटाव तालुक्यातल्या कटगुणचे. १८२७ मध्ये जन्मलेल्या मुलाला जोतिबाच्या यात्रेच्या दिवसावरून जोती नाव मिळाले असे चरित्रकार सांगतात. पुढे कोणी जोतीराव लिहिले, कोणी ज्योतिराव. संस्कृत ‘ज्योति’शी सांधा जुळवायचा मोह तेव्हापासूनचा आहे. पण नावाचा उगम डोंगरावरच्या देवात आहे, तो ‘य’ घातल्याने हलत नाही. यशवंतराव चव्हाणांनी ‘कृष्णाकाठ’ या आत्मचरित्रात आपल्या नावाची हकीकत दिली आहे. १९१३ मध्ये देवराष्ट्र्याला आजोळी त्यांचा जन्म झाला तेव्हा आईचे बाळंतपण अवघड झाले. आजीने सागरोबाला साकडे घातले, यश मागितले आणि त्याची आठवण म्हणून नातवाचे नाव यशवंत ठेवले. यशवंत म्हणजे यशस्वी, हा झाला कोशातला अर्थ. त्या घरातला अर्थ होता, लेक वाचली. हा दुसरा अर्थ कोणत्याही यादीत सापडणार नाही, आणि माझ्या मते नावाचा खरा अर्थ तोच असतो. शब्द भाषेकडून येतो, पण नावाला अर्थ येतो तो ते ठेवण्याच्या कारणातून.

याची कसोटी वाईट अर्थाच्या नावांवर लागते. दगडू, धोंडू, केरबा ही नावे कोशाच्या दृष्टीने काय आहेत? दगड, धोंडा आणि केर. पण ज्या घरात आधीची दोन-तीन लेकरे गेलेली असत, तिथे पुढच्या मुलाला असे नाव पडे; दगडासारखा टिकावा, कुणाची दृष्ट लागू नये, मृत्यूलाही घ्यावासा वाटू नये, यासाठी. शब्द हिणकस, कारण मायेचे. आता याच्या शेजारी नकुशी ठेवून पाहा. मुलगी झाली, परत मुलगी झाली, आता पुरे, पुढचा मुलगा व्हावा, म्हणून या मुलीचे नाव नकोशी. बोलताबोलता त्याचे नकुशी झाले, नकुसा झाले. रूप बदलत गेले आणि कानाला ते एखाद्या साध्या नावासारखे वाटू लागले. अर्थ मात्र तसूभरही झाकला गेला नाही; त्यामागचे कारण सगळ्यांना माहीत होते. २०११ च्या ऑक्टोबरमध्ये साताऱ्यात अशा मुलींच्या नामकरणाचा कार्यक्रम झाला. जिल्हा प्रशासनाने गावोगाव शोधून काढलेल्या या मुलींची संख्या तेव्हाच्या बातम्यांत २८५ अशी आली होती. प्रत्येकीला नव्या नावाचे प्रमाणपत्र आणि फुले मिळाली. त्याच वर्षीच्या जनगणनेत दर हजार मुलग्यांमागे मुलींची संख्या सातारा-सांगलीत किती कमी आहे हे दिसले होते, त्या पार्श्वभूमीवर हा कार्यक्रम होता. दगडू आणि नकुशी ही दोन्ही नावे शब्दाने सारखीच हलकी, पण एक ठेवले मूल राहावे म्हणून आणि दुसरे ठेवले मूल नको होते म्हणून. फरक कोशात नाही, कारणात आहे.

त्या कार्यक्रमात मुलींनी आपापली नावे निवडली तीही बोलकी होती. कुणी सिनेनटीवरून ऐश्वर्या घेतले, कुणी वैशाली. इंग्रजी बातम्यांत वैशालीचा अर्थ ‘समृद्ध, सुंदर आणि चांगली’ असा छापून आला. वैशाली ही लिच्छवींची प्राचीन नगरी. विशाल राजाच्या नावावरून त्या नगराला हे नाव पडल्याचे परंपरा सांगते. समृद्ध-सुंदर-चांगली हा अर्थ त्या शब्दात कुठेच नाही. पण त्या मुलीच्या बाबतीत मी कोश काढून वाद घालणार नाही. तिने ते नाव नकोशेपण पुसायला घेतले होते आणि तेवढ्याने त्याला अर्थ आला होता.

इथे वाचक मला अडवील आणि ते रास्तही आहे. कारणच जर अर्थ असेल, तर आरवच्या आई-वडिलांनी मुलगा शांत व्हावा या इच्छेने नाव ठेवले, तोही अर्थच झाला की! मग कोशाची उठाठेव कशाला? याला उत्तर असे की इच्छा त्यांची स्वतःची असती तर वाद नव्हता. बहुतेक वेळा आधी नाव आवडते, कानाला गोड लागते म्हणून. मग ‘काहीतरी अर्थ हवा’ म्हणून यादीतला रकाना वाचला जातो आणि तो आपला म्हणून सांगितला जातो. म्हणजे कारण घरातून आलेले नसते, उसने आणलेले असते, आणि उसने आणलेली वस्तूही खोटी निघते. ‘नाव कानाला बरे वाटले म्हणून ठेवले’ हे कारण पूर्ण प्रामाणिक आहे, त्याची लाज वाटायचे कारण नाही. लाज वाटते म्हणूनच तर ‘शांत’ला पुढे करावे लागते.

दुसरा आक्षेप भाषेच्या बाजूने येतो. शब्दांचे अर्थ लोक ठरवतात; लाखो लोक आरव म्हणजे शांत म्हणू लागले तर तोच अर्थ होईल, कोशकारांनी मागून नोंद करावी. भाषेत असे घडते हे खरे. पण त्यासाठी शब्द वापरात यावा लागतो. ‘आज घरात कसे आरव वाटते आहे’ असे कुणी बोलत नाही, ‘आरव राहा’ असे कुणी मुलाला दटावत नाही. शांत हा अर्थ फक्त यादीत आणि बारशात आहे, बोलण्यात नाही. बोलण्यात जो आहे तो ‘आरवणे’ आहे आणि तो जिवंत आहे. कोंबडे झाकले म्हणून उजाडायचे राहत नाही, तसा यादीने झाकला म्हणून हा अर्थ जात नाही.

तिसरा आक्षेप सर्वांत वजनदार आहे. जुन्या नावांचे गोडवे गाताना ती नावे कुणाला ठेवावी लागत होती हे विसरायचे का? नावावरून जात कळत असे, आणि कळावी अशीच व्यवस्था होती. रावजी-पंत कुणी म्हणवून घ्यायचे, ‘नाक’ शेवटाचे नाव कुणाला लागायचे, हे ठरलेले होते. बहुजन घरांनी सिदू-धोंडूची नावे सोडून संस्कृत वळणाची नावे घेतली ती नटायची हौस म्हणून नव्हे, तर दरवाजा उघडावा म्हणून. हे मला मान्य आहे. साताऱ्यातलाच दाखला द्यायचा तर प्रतापसिंह हायस्कूलच्या जुन्या रजिस्टरात ७ नोव्हेंबर १९०० ला दाखल झालेल्या मुलाचे नाव ‘भिवा रामजी आंबेडकर’ असे आहे. महाराष्ट्र आता तो दिवस विद्यार्थी दिवस म्हणून पाळतो. भिवाचा भीमराव झाला. नाव बदलण्याचा, घडवण्याचा, नवे आणण्याचा हक्क प्रत्येक घराला आहे, हे त्या रजिस्टरवरून शिकावे. आणि नाव मोठे होते ते माणसाच्या कर्तृत्वाने, हेही तिथेच दिसते. जिल्ह्यांचीसुद्धा नावे बदलतात. १९४९ मध्ये दक्षिण सातारा म्हणून वेगळा झालेला जिल्हा १९६० मध्ये सांगली झाला. म्हणून माझा मुद्दा जुने विरुद्ध नवे असा नाहीच. जात झाकणारे, कुठेही चालणारे नवे नाव जरूर घ्यावे. ते घेताना त्याच्या शब्दाविषयी फसू नये, एवढेच म्हणणे आहे.

उरला स्पेलिंगचा प्रश्न. दुसरा ‘ए’ उच्चारासाठी घातला तर त्याला कारण आहे. पण पुष्कळदा तो अंकशास्त्राच्या सल्ल्याने येतो. या शास्त्राचा पाया किती पक्का हे आरवच्याच नावावर पाहता येते. किरो या पाश्चात्त्य ज्योतिष्याने रूढ केलेल्या कोष्टकात ‘ए’ला १, ‘आर’ला २ आणि ‘व्ही’ला ६ अंक आहेत. एका ‘ए’ने सुरू होणाऱ्या आरवची बेरीज १०, म्हणजे शेवटी १; दोन ‘ए’च्या आरवची ११, म्हणजे २. दुसरी प्रचलित पद्धत पायथागोरसच्या नावावर चालते. तिच्यात ‘आर’ला ९ आणि ‘व्ही’ला ४. तिथे पहिल्याची बेरीज १५, म्हणजे ६, आणि दुसऱ्याची १६, म्हणजे ७. मूल एक, नाव एक, आणि नामांक चार. देवनागरीत लिहिले तर यातला एकही अंक उरत नाही. ज्या लिपीत मुलाला आजी हाक मारते त्या लिपीत भाग्य नाही आणि परक्या लिपीतल्या जादा अक्षरात आहे, असे मानायला काही आधार दिसत नाही.

त्या जादा अक्षराचा व्यवहारातला भार मात्र खरा आहे. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्म-मृत्यू नोंदणीचा सुधारित कायदा लागू झाला. त्या तारखेपासून जन्मलेल्या मुलांना शाळाप्रवेश, वाहन चालवण्याचा परवाना, मतदारयादी, विवाहनोंदणी, सरकारी नोकरी, पासपोर्ट, आधार या सगळ्यांसाठी जन्मदाखला हाच तारखेचा आणि ठिकाणाचा पुरावा आहे. १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या नावात महाराष्ट्र शासनाने आईचे नावही आणले आहे. आधी बाळाचे, मग आईचे, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव. म्हणजे एका ओळीत चार नावे आणि प्रत्येकाच्या स्पेलिंगची चार ठिकाणी जुळणी. जन्मदाखल्यावर एक ‘ए’, आधारवर दोन आणि कोल्हापूर विभागीय मंडळाच्या दहावीच्या प्रमाणपत्रावर पुन्हा एक, असे झाले की शपथपत्रे आणि राजपत्रातल्या जाहिराती सुरू होतात. कायद्याने घाईही केलेली नाही. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असली तरी ती नावाशिवाय करता येते आणि नाव वर्षाच्या आत विनाशुल्क घालता येते. तेवढ्या अवधीत आधी देवनागरीत नाव लिहावे, ऱ्हस्व-दीर्घ पक्के करावे, कोश पाहावा आणि मग रोमन स्पेलिंग एकदाच ठरवून सगळीकडे तेच ठेवावे.

आणि आरव आवडलेच असेल तर ते खुशाल ठेवावे. बाळ जन्मल्याबरोबर ओरडले नाही तर बाळंतपणाच्या खोलीत सगळ्यांचा जीव टांगणीला लागतो. पहिल्या रडण्याने फुप्फुसांत हवा गेली हे कळते आणि बाहेर पेढ्यांची भाषा सुरू होते. त्या घडीला शांत मूल कुणालाच नको असते. तेव्हा आरव म्हणजे आवाज, हा अर्थ नवजात बाळाला ‘शांत’पेक्षा कितीतरी शोभणारा आहे. ज्या भागातल्या शेकडो मुलींना नकोशी म्हणून गप्प बसवले गेले, त्या भागात आरवी नावाच्या मुलीचा अर्थ आई-वडिलांनी ‘आवाज असलेली’ असा सांगितला तर त्यात कोशही खोटा पडणार नाही आणि कारणही घरचेच असेल.